'ट्रोजन विमेन'चं वाचन करतोय: हेलनचा प्रवेश कापावा का?

मुक्ता_सांगली

नमस्कार मंडळी. सांगलीत आमचा बारा-तेरा जणांचा नाट्यवाचनाचा गट आहे. महिन्यातून एकदा कुणाच्या तरी घरी जमायचं, पात्रं वाटून घ्यायची आणि अख्खं नाटक मोठ्याने वाचायचं. या वेळी प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीसचं 'ट्रोजन विमेन' घेतलंय. मराठी संहिता मीच करतेय, दोन-तीन इंग्रजी भाषांतरं शेजारी ठेवून.

ज्यांनी वाचलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ट्रॉय पडलंय, पुरुष मारले गेलेत. ग्रीकांच्या छावणीत बायका बसल्यात आणि कोण कुणाच्या वाट्याला जाणार हे ठरतंय. म्हातारी राणी हेक्युबा पडदा उघडतानाच जमिनीवर पडलेली आहे. तिची मुलगी कॅसांड्रा अगामेम्नॉनला जाते. सून अँड्रोमकी जाते निऑप्टोलेमसला, म्हणजे तिचा नवरा हेक्टर ज्या अकिलीसने मारला त्याच्याच मुलाला. धाकट्या पॉलिक्सेनाचा अकिलीसच्या थडग्यावर बळी दिलाय आणि ते आईला सरळ सांगायची ग्रीकांच्या निरोप्याचीही हिंमत नाही. हेक्युबा स्वतः ओडिसियसची दासी होणार. मग हेक्टरच्या लहानग्या मुलाला तटावरून खाली फेकतात. शेवटी शहराला आग लावतात.

आता प्रश्न. हे सगळं चालू असताना मध्येच हेलन येते, जी हेक्युबाच्या मुलाबरोबर, पॅरिसबरोबर, ट्रॉयला आली म्हणून हे युद्ध झालं. तिचा ग्रीक नवरा मेनेलॉस तिला मारायला निघालेला, ती स्वतःचा बचाव करते, हेक्युबा तो खोडून काढते. नाटकाच्या १३३२ ओळी, त्यातल्या सुमारे २०० या वादाच्या. आमच्या गटातले एक ज्येष्ठ म्हणतात, हा प्रवेश कापा, शोकाची तार तुटते. मी हेक्युबा वाचणार आहे. मला वाटतं ठेवावा, पण का ते नीट सांगता येत नाही. तुम्ही काय कराल?

वाचनवेडा_अमोल

वाचतोय. नाटक माहीत नव्हतं, आता मिळवून वाचतो.

कृष्णाकाठचा

कापा. कॉलेजात असताना आम्ही यावरून एकांकिका बसवली होती, हेलन पूर्ण काढून. चाळीस मिनिटं. अँड्रोमकीकडून मूल काढून घेतात तिथून थेट मुलाचं प्रेत येतं तिथे गेलो. प्रेक्षागृहात खुर्ची करकरल्याचा आवाजसुद्धा नव्हता. मध्ये हेलन आणली असती तर लोक 'आता ही कोण, हिचं काय' करत बसले असते. मूल मेलंय आणि आपण हेलनच्या तोंडून देवींच्या सौंदर्यस्पर्धेचा निकाल ऐकतोय, हे मला आजही पटत नाही.

अनुराधा_जे

कृष्णाकाठचा, तुमच्या एकांकिकेला ते चालून गेलं असेल, पण मुक्ताताई पूर्ण नाटक वाचतायत. त्यांनी कापू नये.

पहिलं कारण. हेक्युबाला नाटकात करण्यासारखं काहीच उरलेलं नाही. ती फक्त ऐकते: ही गेली, ती गेली, आता नातू गेला. हेलनच्या प्रवेशात ती एकदाच उभी राहून बुद्धीने लढते. हेलन म्हणते, दोष माझा नाही, पॅरिसला जन्म देणाऱ्या या म्हातारीचा आहे, आणि देवीचा आहे. हेक्युबा उलटून सांगते की माझा मुलगा देखणा होता, त्याला बघून तुझंच मन तुझी देवी झालं. अडीच हजार वर्षांपूर्वीच्या नाटकात म्हातारी बाई देवांची सबब अशी मोडीत काढते. हे कापायचं?

दुसरं कारण जास्त महत्त्वाचं. वादात हेक्युबा जिंकते. मेनेलॉस मान्य करतो, म्हणतो घरी नेऊन मारीन. ती विनवते, निदान एका जहाजात तिला घेऊ नकोस. त्यावर तो विचारतो, "का, पूर्वीपेक्षा वजन वाढलंय तिचं?" अथेन्सच्या प्रेक्षकाला होमर तोंडपाठ. त्याला माहीत आहे की हेलन पुढे स्पार्टात सुखाने नांदणार आहे. म्हणजे म्हातारी जिंकली तरी हरलीच. तिचा युक्तिवाद बरोबर होता, पण कामाला काहीच आला नाही. मुलाचं प्रेत यानंतर येतं. मधली ती आशा दाखवलीच नाहीत, तर ती मोडल्याचं दुःख कुठून येणार?

स्नेहल_प

अनुराधाताई, +१. आणि हेलनच्या कपड्यांवरून हेक्युबा तिला बोलते ते विसरू नका. बाकीच्या बायकांचे केस कापलेले, कपडे फाटलेले, आणि ही नटून आलेली. वाचनात ते दिसणार नाही, म्हणून ती ओळ ठळक वाचा.

मिलिंद७१

थोडं इतिहासाबद्दल, कारण त्याशिवाय हे नाटक अर्धंच कळतं.

हे नाटक इ.स.पू. ४१५ च्या वसंतात अथेन्सच्या डायोनिसस उत्सवात झालं. त्याच्या आदल्या हिवाळ्यात अथेन्सने मेलोस नावाचं छोटं बेट घेतलं होतं. मेलोसचा गुन्हा इतकाच की त्यांना कुणाच्या बाजूने लढायचं नव्हतं. शरण आल्यावर अथेन्सने तिथले प्रौढ पुरुष मारले, बायका-मुलं गुलाम म्हणून विकली. इतिहासकार थ्युसिडिडीसने त्याआधीच्या वाटाघाटी लिहून ठेवल्यात. त्यात अथेन्सचे दूत स्वच्छ सांगतात की न्याय बरोबरीच्यांत असतो. बाकी बलवान करतो आणि दुबळा सोसतो.

आता नाट्यगृहात कोण बसलंय ते बघा. ज्यांनी मतदान केलं ते, जे जहाजांवर होते ते. त्यांच्यासमोर मुखवटे घातलेले पुरुष ट्रॉयच्या बायका होऊन रडतायत. आणि त्याच उन्हाळ्यात हेच शहर सिसिलीवर प्रचंड आरमार पाठवणार आहे. नाटकाच्या सुरुवातीलाच समुद्रदेव पोसायडन आणि देवी अथीना ठरवतात की परतीच्या वाटेवर ग्रीकांची जहाजं बुडवायची. ते ऐकताना कितीजणांना आपली जहाजं आठवली असतील?

जुनेखोड

मिलिंदराव, माहिती चोख आहे, पण एक सावधगिरी. मेलोस पडलं ऐन हिवाळ्यात, नाटक झालं वसंतात. नाटककाराला उत्सवासाठी निवड आधी मिळवायला लागे, वृंदाची, म्हणजे कोरसची, तालीम कित्येक महिने चाले. शिवाय हे एकटं नाटक नव्हतं. 'अलेक्झांड्रोस' आणि 'पालामिडीस' ही आणखी दोन ट्रॉयचीच नाटकं त्याच दिवशी होती. एवढा सगळा घाट मेलोस पडल्यावर घातला असेल असं मला वाटत नाही. 'मेलोसवरचं नाटक' हे वाक्य आपण फार सहज फेकतो.

मिलिंद७१

मान्य, तारखा घट्ट बसतात. पण मेलोस ही पहिली वेळ नव्हती हेही बघा. ४२१ मध्ये स्किओनीत हेच केलं: पुरुष मारले, बायका-मुलं विकली. त्याआधी ४२७ मध्ये मिटिलीनीबाबत हाच ठराव झाला, दुसऱ्या दिवशी सभेने तो फिरवला, आणि दुसरं जहाज कसंबसं वेळेत पोचलं म्हणून ते शहर वाचलं. युरिपिडीसला लिहायला मेलोसची वाट बघावी लागत नव्हती. प्रेक्षकाला मात्र त्या वसंतात मेलोसच आठवलं असणार.

जुनेखोड

हे पटलं.

वाचनवेडा_अमोल

मग त्या वर्षी याला बक्षीस मिळालं का?

अनुराधा_जे

दुसरं. पहिलं झेनोक्लीस नावाच्या नाटककाराला. त्याचं आज काही वाचायला मिळत नाही.

रानजाई

मला हे वाचताना सारखं स्त्रीपर्व आठवतं. महाभारतातलं अकरावं पर्व, युद्ध संपल्यावरचं. गांधारीला दिव्यदृष्टी मिळते आणि ती कुरुक्षेत्रावर एकेक प्रेत ओळखत जाते. उत्तरा अभिमन्यूजवळ बसलेली. भूरिश्रवाची बायको त्याचा तुटलेला हात मांडीवर घेऊन त्या हाताच्या आठवणी सांगते, अगदी शृंगाराच्यासुद्धा. तो श्लोक पुढे अलंकारशास्त्राच्या ग्रंथांत उदाहरण म्हणून आला.

आणि इकडे हेक्युबा काय करते? नातवाचं प्रेत हेक्टरच्या ढालीवर घालून आणतात. ती मुलाचे हात बघते, म्हणते हे अगदी बापाचे. मग ढालीच्या मुठीवर हेक्टरच्या हाताची खूण पडलेली असते ती बघते. लढताना तो ढाल दाढीशी धरायचा, कपाळाचा घाम ओघळून ढालीच्या कडेवर डाग पडलेला, तो बघते. तिकडे हात, इकडे हाताची खूण. दोन्ही कवी एकमेकांना ओळखत नाहीत आणि नजर मात्र एकाच जागी जाते.

पुराणिक_नाशिक

रानजाई, सुंदर. पण एक फरक आहे. स्त्रीपर्वातल्या बायका विधवा झाल्या, गुलाम झाल्या नाहीत. जिंकणारे घरचेच होते, गांधारीच्या पाया पडायला आले. ट्रॉयच्या बायकांचं दुःख इथेच वेगळं होतं: रडायलाही वेळ नाही, जहाजं थांबलीत. आपल्याकडे याला जवळचं मौसलपर्व. यादवकुळ संपल्यावर अर्जुन द्वारकेच्या बायकांना घेऊन निघतो, वाटेत आभीर हल्ला करतात आणि त्याच्या डोळ्यांदेखत बायका पळवून नेतात. गांडीव त्याला धड पेलवत नाही. त्या बायकांचं पुढे काय झालं, ते काय बोलल्या, यावर मात्र तिथे नाटक नाही.

कृष्णाकाठचा

आणि पानिपत? मोती गळाले, मोहरा हरवल्या, खुर्द्याची गणती नाही, अशी ती बातमी आपण शाळेपासून ऐकतो. फौजेबरोबर बायका होत्या, कित्येक धरल्या गेल्या. पार्वतीबाई परत पोचल्या म्हणून त्यांचं नाव तरी माहीत आहे.

जुनेखोड

पानिपतवर इथे आधीच मोठे धागे आहेत, तिकडे गेलो तर मुक्ताताईंची हेलन राहून जाईल. :)

निवृत्त_बेलीफ

मी नाटकातला जाणकार नाही. अमोलरावांसारखंच धागा बघून वाचायला घेतलं, काल रात्री संपवलं. तुम्ही सगळे बायकांबद्दल बोलताय ते बरोबरच आहे. मी ग्रीकांच्या निरोप्याबद्दल बोलतो, ताल्थीबियस.

मी एकतीस वर्षं दिवाणी कोर्टात बेलीफ होतो. समन्स, जप्ती, कब्जा वॉरंट. हुकूम दुसऱ्याचा, दारात उभा मी. ताल्थीबियस अँड्रोमकीला सांगतो की मूल द्यावं लागेल, आणि लगेच म्हणतो, बाई, शिव्याशाप देऊ नको, सैन्य चिडलं तर मुलाला मातीसुद्धा मिळणार नाही. हे वाक्य वाचून मी पुस्तक मिटलं. हेच मी लोकांना सांगायचो. आवाज करू नका, पंचनाम्यात अडथळा लिहावा लागेल, मग पोलीस बंदोबस्त येईल. मला ते भल्याचं वाटायचं आणि होतंही भल्याचंच. पण सांगत मीच होतो.

एका दरखास्तीत सामान जप्त करायला गेलो होतो. घरात म्हातारी एकटी. यादीत पितळी डबे होते. तिने न बोलता एकेक डबा जुन्या लुगड्यावर पालथा केला. ज्वारीचं पीठ, डाळ, तांदूळ असे वेगवेगळे ढीग. शेवटचा डबा पुसून माझ्या हातात दिला, झाकण नीट लावून. मग म्हणाली, चहा ठेवते, साखर आहे अजून.

नाटकात तो निरोपी म्हणतो की असले निरोप न्यायला निर्दय माणूस पाहिजे, मी त्यातला नाही. आणि शेवटी मुलाचं प्रेत नदीच्या पाण्याने स्वतः धुऊन आणतो, खड्डा खणायला जातो. त्याने मूल वाचवलं नाही. धुतलं. मी चहा प्यायलो होतो, नको म्हणायला तोंड उघडेना. वाचनात ताल्थीबियसला खलनायकाच्या आवाजात वाचू नका एवढीच विनंती.

मुक्ता_सांगली

काका, तुमचा प्रतिसाद आमच्या गटात वाचून दाखवला. आमचा ताल्थीबियस वाचणारा मुलगा चोवीस वर्षांचा आहे, तो दरडावून वाचत होता. आता खाली बघून वाचतो.

शाल्मली

काका __/\__

मंजिरी_हॅम्बुर्ग

२०१३ मध्ये जॉर्डनमध्ये, अम्मानला, सीरियातून पळून आलेल्या बायकांनी हे नाटक केलं. व्यावसायिक नट्या नव्हत्या, निर्वासितच होत्या. युरिपिडीसच्या संवादांत त्यांनी आपापल्या हकिकती मिसळल्या. त्यावरचा माहितीपट मी पाहिलाय. आपल्याला हेक्युबा 'समजून घ्यावी' लागते, त्यांना लागली नाही.

वत्सलाआजी

माझी नात टंकून देते आहे. मुक्ता, तू शोक कसा वाचणार आहेस?

आमच्या गावाकडे मयताला बायका हेल काढून रडायच्या. नुसता हंबरडा नव्हे. गेलेल्याचा एकेक गुण घेऊन, त्याला हाक मारून, सुरात. एकीचा सूर संपत आला की दुसरी उचलायची. शहरातून आलेल्या सुना अवघडून उभ्या राहायच्या, त्यांना ते नाटकी वाटायचं. पण ज्या बाईला रडूच फुटत नाही तिला त्या सुराने वाट मिळायची, हे मी माझ्या आईच्या वेळी स्वतः अनुभवलंय. तुझी हेक्युबा सिनेमातल्यासारखी हुंदके देत वाचू नकोस. तिला हेल दे.

अनुराधा_जे

आजी, किती नेमकं सांगितलंत! ग्रीक शोकाची रचना अशीच आहे: एकीने उचलायचं, वृंदाने झेलायचं. शेवटी हेक्युबा आणि बायका गुडघे टेकून दोन्ही हातांनी जमीन बडवतात, खाली गेलेल्यांना हाका मारतात, ते तर पूर्ण हेल काढणंच आहे.

आणि अथेन्समध्ये बायकांच्या अशा रडण्यावर बंधनं होती. अथेन्सचा जुना कायदेकर्ता सोलोन, त्याच्या कायद्यात अंत्ययात्रेत अंग ओरबाडायला आणि रचलेले विलाप गायला मनाई होती, असं ग्रीक चरित्रकार प्लुटार्क लिहितो. म्हणजे रस्त्यावर जे आवरायला सांगितलं होतं ते रंगमंचावर हजारो लोकांसमोर, तेही पुरुषांच्या गळ्यातून. प्लुटार्कचीच आणखी एक गोष्ट: फेराय शहराचा अलेक्झांडर नावाचा क्रूर जुलमी राजा हेच नाटक बघता बघता उठून निघून गेला. ज्यांना मारलं त्यांची कधी कीव केली नाही, आणि हेक्युबा-अँड्रोमकीसाठी रडताना लोकांनी बघितलं तर लाज वाटेल म्हणून.

मिलिंद७१

प्लुटार्कचा विषय निघालाच आहे तर: सिसिलीची मोहीम ४१३ मध्ये बुडाली. सात हजारांहून अधिक कैदी सिसिलीतल्या सिराक्यूजच्या दगडखाणींत कोंडले. आणि ज्यांना युरिपिडीसच्या ओळी पाठ होत्या त्यांतले काही त्या म्हणून दाखवून सुटले, असं तो सांगतो. या नाटकातल्या बंदिवान बायका आपल्याला कुठे नेतील याचा विचार करताना सिसिलीचंही नाव घेतात. दोनच वर्षांत ते बघणारे तिथे बंदिवान होऊन बसले.

मुक्ता_सांगली

सगळ्यांचे खूप आभार. एका शब्दावर अडलेय. नातू जिवंत असताना हेक्युबाच्या अंथरुणात उडी मारून तिला म्हणायचा, तू गेलीस की मी माझ्या केसांची मोठी बट कापून तुला देईन, मित्रांना घेऊन तुझ्या थडग्यावर येईन. ती ते आठवते आणि म्हणते, आता उलटं झालं. इथे तो तिला हाक काय मारतो? माझ्याकडच्या एका भाषांतरात 'आजी' अशा अर्थाचं आहे, दुसऱ्यात 'आई'.

अनुराधा_जे

मूळ ग्रीकमध्ये 'आई' आहे.

वत्सलाआजी

मग आईच ठेव. आमच्या एकत्र घरात सगळी नातवंडं आजीला आईच म्हणायची. स्वतःच्या आईला वहिनी.

स्नेहल_प

आमच्याकडेही! बाबा आजीला आई म्हणायचे म्हणून आम्हीही.

कृष्णाकाठचा

आमच्या एकांकिकेत 'आजी' होतं. आज कळतंय की तिथे काहीतरी सुटत होतं.

मुक्ता_सांगली

काल वाचन झालं. हेलनसकट, एकही ओळ न कापता.

कापा म्हणणारे आमचे ज्येष्ठ सदस्यच मेनेलॉस वाचत होते. "वजन वाढलंय का तिचं" ला तिघे-चौघे हसले, मीही हसले असते, पण पुढची ओळ माझी होती. ती म्हणायला मला जरा वेळ लागला. ते नंतर म्हणाले, हा प्रवेश राहू दे, पुन्हा वाचलं तरी.

ढाल म्हणून काही आणलं नव्हतं. ज्यांच्या घरी होतो त्या काकूंनी आतून पितळेची परात आणून माझ्या मांडीवर ठेवली. घाम आणि मुठीच्या ओळी वाचताना माझा अंगठा कडेवरून फिरत होता आणि तिथे नाव कोरलेलं लागलं. काकूंच्या सासूबाईंचं, खाली साल १९५२. मी तिथे थांबले. 'आई'ची ओळ त्याआधी येऊन गेली होती. ती मी आजींनी सांगितलं तशी हेल देऊन म्हटली, आणि मी संपवायच्या आत वृंदातल्या एकीने सूर उचलला. तालमीत हे ठरलं नव्हतं.

काका, आमचा ताल्थीबियस शेवटपर्यंत खाली बघून वाचत होता. "धुतलं" म्हणताना त्याने वर बघितलं, एकदाच.

निवृत्त_बेलीफ

त्याला माझा आशीर्वाद सांगा.

वाचनवेडा_अमोल

मुक्ताताई, संहिता मिळेल का? आमच्याकडे साताऱ्यात वाचायची आहे.

मुक्ता_सांगली

नक्की. शेवटच्या वृंदगीताच्या काही ओळी अजून जमलेल्या नाहीत, आठ-दहा दिवस द्या. आणि परात जुनी बघा.